दोन मिनिटांच्या भूमिका

रशियन नट युरी स्तोयानोव मी पहिल्यांदा पाहिला तो बाईच्या वेषात. अंगात घरातला गाऊन, डोक्यावर विग, आणि समोरच्या नवऱ्याकडे बघताना अशी नजर, की ‘या माणसाशी मी लग्न का केलं’ हे स्वतःला विचारायचाही आता कंटाळा आलाय. नवरा म्हणजे इल्या ओलेयनिकोव. लांब नाक, खाली ओघळलेल्या मिशा, कायम कुणाच्या तरी मयताला जाऊन आल्यासारखा चेहरा. माझं रशियन यथातथाच. पुण्यात संध्याकाळच्या वर्गाला जाऊन शिकलेलं आणि विभक्तिप्रत्ययांपाशी धापा टाकणारं. निम्मे संवाद डोक्यावरून गेले, तरी हसू आवरेना. त्या गोल चेहऱ्याच्या ‘बाई’ने काही विशेष केलंही नव्हतं. नवरा बोलत असताना नुसती मान दुसरीकडे वळवली होती. पण ती इतक्या अचूक क्षणी, की आमच्या ओळखीतल्या किमान तीन संसारांचा इतिहास त्यात आला. श्रेयनामावली आली तेव्हा दिग्दर्शक म्हणून नाव पुन्हा स्तोयानोवचंच.

कार्यक्रमाचं नाव ‘गोरोदोक’, म्हणजे लहानसं गाव. एप्रिल १९९३ मध्ये सुरू झाला, २०१२ मध्ये संपला. रशियात चाळिशी ओलांडलेल्या कुणाहीसमोर हे नाव काढा, चेहरा सैल होतो. पण तिथवर पोचायला स्तोयानोवला जो वळसा पडला, तो मला कार्यक्रमाइतकाच मोलाचा वाटतो.

जन्म ओदेसाचा, १० जुलै १९५७. वडील डॉक्टर, आई शिक्षिका. काळ्या समुद्राकाठचं हे बंदर सोव्हिएत संघाचं हशाचं कोठार समजलं जायचं. १९७३ पासून तिथे एक एप्रिलला विनोदाचा जाहीर उत्सव भरायचा. ओदेसाचा माणूस साधी वेळ सांगतानाही कोटी करणार, हे गृहीतच. असा एक गुबगुबीत, गिटार वाजवून गाणारा मुलगा मॉस्कोला ‘गितीस’ या नामांकित नाट्यशाळेत गेला. १९७८ मध्ये बाहेर पडला आणि थेट लेनिनग्राडच्या बल्शोई ड्रामा थिएटरमध्ये दाखल झाला. नशीब काढलं, असंच घरच्यांना वाटलं असणार. त्याच्याच वर्गातला विक्तर सुखोरुकोवही लेनिनग्राडलाच गेला, एका विनोदी नाटकांच्या थिएटरात. त्याचं नाव मोठं व्हायला नव्वदचं दशक निम्मं उलटावं लागलं. त्या वर्गाच्या पत्रिकेत उशीर लिहिलेला होता बहुतेक.

फोंतांका नदीकाठच्या त्या थिएटरचं काय वजन होतं, हे सांगितल्याशिवाय पुढचं कळणार नाही. १९५६ पासून गेओर्गी तोव्स्तोनोगोव तिथे सर्वेसर्वा होते. जाड चष्मा, भक्कम नाक, हातात सिगारेट आणि शब्द अखेरचा. येवगेनी लेबेदेव, किरील लाव्रोव, ओलेग बासिलाश्विली, व्लादिस्लाव स्त्र्झेल्चिक, १९८३ पासून अलिसा फ्रेइंदलिख. एकेका नावावर वेगळं थिएटर चालावं अशी माणसं एका छपराखाली. गावोगावचे लोक रात्रीची गाडी पकडून तिकिटासाठी यायचे. अशा ठिकाणी नव्याने आलेल्या एकवीस वर्षांच्या पोराच्या वाट्याला काय येणार? गर्दीतला एक. पाहुण्यांतला एक. गिटार वाजवता येते म्हणून गाण्याच्या प्रसंगातला एक.

हे एक-दोन हंगाम चालणं रीतीला धरूनच. पण स्तोयानोवचं हे १९९५ पर्यंत चाललं. सतरा वर्षं! या काळात माणसाची नोकरी पक्की होते, लग्न होतं, मोडतं, पुन्हा होतं, केस विरळ होतात. एक मोठी भूमिका मात्र मधे येऊन गेली. तोव्स्तोनोगोव यांच्या ‘अमादेउस’मध्ये युरी देमिच अलौकिक संगीतकार मोत्सार्ट, म्हणजे आपला मोझार्ट, करायचा, पुढे ती भूमिका स्तोयानोवकडेही आली. समोर त्याच्यावर जळणारा संगीतकार सालिएरी म्हणून साक्षात स्त्र्झेल्चिक. मला यातली गंमत जरा क्रूरच वाटते. अलौकिक माणसाकडे टक लावून बघत बसलेल्या सामान्य माणसाचं दुःख, असा त्या नाटकाचा गाभा. आणि स्तोयानोव अधूनमधून मोत्सार्ट करून उरलेले दिवस पुन्हा विंगेत, सालिएरीच्या जागी.

१९८९ च्या मे महिन्यात तोव्स्तोनोगोव स्वतःची गाडी चालवत असताना रस्त्यातच गेले. ज्यांच्या एका होकारासाठी नट वर्षानुवर्षं थांबायचे तेच राहिले नाहीत. दोन वर्षांत सोव्हिएत संघही राहिला नाही, आणि लेनिनग्राडचं नावही बदलून सेंट पीटर्सबर्ग झालं.

आता थोडं आमच्याकडचं. कॉलेजच्या दिवसांत राज्य नाट्य स्पर्धेच्या एका ऐतिहासिक नाटकात मी भालदार होतो. पहिल्या अंकात पडदा उघडल्यापासून पडेपर्यंत उभा, वाक्य एकही नाही. पुठ्ठ्याच्या भाल्याला मारलेला चंदेरी रंग ओला राहिलेला, तो तळव्याला चिकटलेला. दाढीच्या गोंदाने हनुवटीला अशी खाज, की राजाने देहान्ताची शिक्षा दिली असती तर बरं, असं वाटावं. पण तिथे जे दिसलं ते पुढे कुठल्या शिबिरात शिकायला मिळालं नाही. राजाचं काम करणारे आमचे बंडूकाका एका ठरावीक वाक्याआधी श्वास घ्यायचे. घेतला की हशा, विसरले की सन्नाटा. सेनापती नेहमी अर्धं पाऊल लवकर टाकायचा आणि प्रधानाचं वाक्य मारायचा. प्रेक्षक बघत नसतो तिथलं सगळं भालदाराला दिसतं, कारण बघण्याशिवाय त्याला दुसरं काम नसतं. मी त्या शिदोरीचं पुढे काहीच केलं नाही, बँकेत लागलो. स्तोयानोवने केलं.

म्हणून सतरा वर्षं वाया गेली असं म्हणायला माझी जीभ रेटत नाही. देशातले उत्तमोत्तम नट रोज संध्याकाळी दहा फुटांवरून बघायला मिळणं, तेही पगार घेऊन! अर्थात हे मी पुण्यात खुर्चीवर बसून म्हणतोय. त्याला त्या वेळी कुणी हे ऐकवलं असतं तर त्याने गिटार डोक्यात घातली असती, आणि ते बरोबरच झालं असतं.

वळण आलं ते ‘अनेक्दोती’ नावाच्या, १९९० सालच्या चित्रपटाच्या सेटवर. दिग्दर्शक विक्तर तितोव. मराठी माणसाने हे नाव लक्षात ठेवायला हरकत नाही, कारण ज्या इंग्रजी फार्सवरून आचार्य अत्र्यांनी ‘मोरूची मावशी’ रचली, त्याच ‘चार्लीज आंट’वरून तितोवने १९७५ मध्ये सोव्हिएत टेलिव्हिजनसाठी चित्रपट केला. त्यात अलेक्सांद्र काल्यागिन मावशी झाला होता. आपल्याकडे विजय चव्हाणांनी टांग टिंग टिंगा करत थिएटरं डोक्यावर घेतली, तिकडे काल्यागिनची मावशी अजून दर सणाला टीव्हीवर येते. पुढे रशियन टीव्हीवर सर्वांत जास्त साड्या, चुकलो, झगे, ज्याने नेसले त्या नटाला त्याचा जोडीदार नेमका तितोवच्याच सेटवर भेटावा, हा योग पंचांगवाल्यांनाही जमला नसता.

पंचांगाचं निघालंच आहे तर हेही. ओलेयनिकोवची जन्मतारीखही १० जुलै. फक्त साल १९४७. बरोब्बर दहा वर्षांचं अंतर. त्याचा जन्म किशिनेवचा, मूळ आडनाव क्ल्यावेर, ओलेयनिकोव हे रंगमंचावरचं. त्याचा मुलगा देनिस क्ल्यावेर मूळ नाव लावूनच पॉप गायक झाला. बापाचं शिक्षण नाट्यशाळेतलं नव्हे, मॉस्कोच्या सर्कस आणि एस्त्रादा शिकवणाऱ्या संस्थेतलं. एस्त्रादा म्हणजे त्यांच्याकडचा विविधरंगी करमणुकीचा रंगमंच: नकला, एकपात्री, गाणी, जोडीचे विनोद. ओलेयनिकोव वर्षानुवर्षं रोमान काझाकोव नावाच्या जोडीदाराबरोबर गावोगावी कार्यक्रम करत हिंडला होता. प्रेक्षक हसला नाही तर रात्रीचं जेवण गोड लागत नाही, अशा शाळेतला तो.

म्हणजे बघा, एकाला पात्र कळतं, दुसऱ्याला टाळी कुठे पडते ते कळतं. नाट्यशाळेत तयार झालेला नट विनोद करायला लागला की बहुतेकदा एक घोटाळा होतो. तो पात्राच्या मनात इतका खोल उतरतो की वाक्य मारायचं विसरतो. आणि मंचावरच्या विनोदवीराला नाटकात घेतलं की प्रत्येक वाक्याला तो प्रेक्षकाकडे बघतो. या दोघांनी एकमेकांचे दोष कापून काढले. ओलेयनिकोव पडद्यावर बहुतेकदा फसणारा, भोळा, उशिरा उमजणारा. स्तोयानोव फसवणारा, हुकूम सोडणारा, साहेब, बायको, डॉक्टर, टीव्हीवरचा निवेदक, लहान मूल. भूमिका उलट करून दिल्या तरी काम भागायचं, पण धार कमी व्हायची.

आधी त्यांनी दुसऱ्यांच्या कार्यक्रमांत लहान तुकडे केले, मग ‘केर्गुदू’ नावाचा एक प्रयोग झाला आणि मग १९९३ च्या एप्रिलमध्ये ‘गोरोदोक’. सुरुवात पीटर्सबर्गच्या स्थानिक वाहिनीवर, पण त्याच वर्षी देशभर दिसणाऱ्या सरकारी वाहिनीने तो उचलला.

ते वर्ष कसलं होतं! २ जानेवारी १९९२ ला सरकारने किमतींवरचं नियंत्रण काढून टाकलं, आणि म्हाताऱ्यांची आयुष्यभराची बँकेतली पुंजी काही महिन्यांत एका जोडी बुटांच्या भावाची झाली. इंजिनियर, प्राध्यापक, परिचारिका मेट्रोच्या दाराशी घरातल्या वस्तू हातात धरून उभ्या. १९९३ च्या ऑक्टोबरमध्ये मॉस्कोत रणगाडे संसदेच्या इमारतीवर तोफा डागत होते. ओदेसा युक्रेनमध्ये गेलं, किशिनेव मोल्दोव्हाची राजधानी झालं, आणि तिथे जन्मलेले हे दोघे जागचे न हलता परदेशात जन्मलेले ठरले. अशा वेळी टीव्हीवर एक गाव उघडलं गेलं. नकाशावर ते कुठेच नव्हतं, तिथे नेता नाही, झेंडा नाही, फक्त माणसं. रांगेत भांडणारी, दवाखान्यात घाबरणारी, बायकोशी खोटं बोलणारी, वाहतूक पोलिसाला लाच कशी द्यावी या विचाराने घाम फुटलेली. त्या वर्षी आपलं राष्ट्र कोणतं हे लोकांना नीट सांगता येत नव्हतं, पण ही माणसं आपली, याबद्दल शंका नव्हती.

त्याआधीचा सोव्हिएत टीव्हीवरचा विनोद म्हणजे मुख्यतः सभागृहातला. विद्यापीठांच्या संघांची कोटीबाजी चालणारा ‘केव्हीएन’ होता. १९६१ ला सुरू झालेला, १९७२ ला गुंडाळलेला, १९८६ ला पुन्हा जिवंत झालेला. १९८७ पासून ‘आनश्लाग’ होता: माइकसमोर लेखक किंवा नट कागद घेऊन उभा, आणि दर वाक्यागणिक कॅमेरा प्रेक्षकांतल्या एखाद्या खदखदून हसणाऱ्या मावशींवर. कुठे हसायचं ते मावशी सांगणार. ‘गोरोदोक’ मात्र इवल्या चित्रपटांसारखा होता. खरी खोली, खरा जिना, पीटर्सबर्गचे ते विहिरीसारखे चौकोनी अंगण असलेले वाडे. एक प्रसंग मिनिट-दोन मिनिटांचा. आला, चावला, गेला. मधेच रस्त्यावर लपवलेल्या कॅमेऱ्याने टिपलेल्या गमती. अर्ध्या तासाच्या भागाला एखादा विषय धरलेला, म्हणजे प्रवास, शाळा, नोकरी असं काहीतरी, आणि त्या विषयाला लटकवलेले प्रसंग.

आणि या सगळ्या प्रसंगांत तोंडं दोनच. तीच दोन तोंडं फेटे-टोप्या, विग, मिशा, चष्मे बदलून अख्खं गाव उभं करायची. आता गणित मांडा. थिएटरात सतरा वर्षं ज्याने दोन मिनिटांच्या भूमिकांवर दात-ओठ खाल्ले, त्याने स्वतःच्या हाताने काय बांधलं? दोन मिनिटांच्या भूमिकांचाच कारखाना! राजा कुठेच नाही. सगळेच भालदार-चोपदार, सगळेच पाहुण्यांतले एक. फरक एवढाच की आता कॅमेरा त्यांच्याकडे वळलेला. मला त्याच्या कामाचं मर्म वाटतं ते हेच. ज्या माणसांना मुख्य नाटकात कुणी विचारत नाही त्यांच्या आत काय चाललंय, हे तो पुस्तकातून शिकला नव्हता. ओठ मिटून उभं राहिलेल्या माणसाच्या डोक्यात केवढा कोलाहल असतो! त्याची ती बायको, जिने नुसती मान वळवली, तिला संवाद नव्हताच. संवाद नसताना काय करायचं, यात या गड्याने पदवी नव्हे, डॉक्टरेट घेतलेली.

बाईच्या भूमिकांबद्दल एक गोष्ट स्पष्ट सांगायला हवी, कारण आपल्याकडच्या स्किटवाल्या कार्यक्रमांनी हा प्रकार पार किळसवाणा करून ठेवलाय. पुरुषाला लुगडं नेसवलं, छातीला उशी बांधली, चालताना कंबर हलवली, झाला विनोद. स्तोयानोव बाई करताना आवाज फारसा बारीक करत नाही, कंबर तर हलवतच नाही. तो वय करतो, पेशा करतो. दुकानातली विक्रेती वेगळी, शाळेतली बाई वेगळी, साहेबाची सेक्रेटरी वेगळी, आणि चौथ्या मजल्यावर पिशव्या चढवून आलेली गृहिणी आणखी वेगळी. विक्रेती गिऱ्हाइकाकडे बघत नाही, त्याच्या मागच्या भिंतीकडे बघते. सोव्हिएत काळात दुकानात गेलेल्या कुणालाही ती नजर ओळखता येईल. हसू येतं ते पुरुष बाई झाला म्हणून नाही, ती बाई ओळखीची निघते म्हणून. काही प्रसंगांत तर तो पुरुष आहे हे मी मधे विसरून जातो आणि शेवटी चमकतो.

आता दिग्दर्शनाचं. प्रत्येक चौकटीत स्वतःच असलेला दिग्दर्शक, ही मोठी अडचणीची जागा. कॅमेऱ्यामागे डोळा कुणाचा? नाटकात दिग्दर्शक अंधारात सातव्या रांगेत बसतो आणि ओरडतो. इथे ओरडणारा विग घालून पलंगावर पडलेला. घेतलेला तुकडा मॉनिटरवर लावून बघायचा, पुन्हा जागेवर जाऊन पडायचं, मघाची थकावट तशीच्या तशी आणायची, आणि शिवाय समोरच्या माणसाला सांगायचं की तू अर्धा सेकंद लवकर वळलास. यात जोडीदारच आरसा होतो. ओलेयनिकोवच्या डोळ्यांत हसू दाटलं तर प्रसंग जमला. नाही दाटलं तर कितीही हुशारीचा असो, फेकायचा.

स्किटचं संकलन हे तर हिशेबनीसाचं काम. ओघळत्या मिशांचा माणूस दार उघडतो. दार उघडल्यावर समोर काय आहे ते प्रेक्षकाला आधी दाखवायचं की त्याच्यानंतर? आधी दाखवलं तर प्रेक्षक त्याच्या फजितीची वाट बघत हसतो. नंतर दाखवलं तर त्याच्याबरोबर दचकून हसतो. स्तोयानोवला पहिला रस्ता जास्त आवडतो असं भाग लागोपाठ बघितल्यावर वाटतं. त्याला प्रेक्षकाला दचकवायचं नसतं, त्या बिचाऱ्याविरुद्धच्या कटात सामील करून घ्यायचं असतं. आणि शेवटचं वाक्य झाल्यावर तो पटकन कापत नाही. अगदी एक श्वास थांबतो. त्या श्वासात फसलेल्या माणसाचा चेहरा दिसतो, आणि हसणाऱ्याला जरा चुटपुट लागते. अलीकडचे कार्यक्रम हा श्वास गाळतात, त्याजागी ढोल वाजवतात.

मानसन्मान रीतसर मिळाले. रशियन टीव्हीचा ‘तेफी’ पुरस्कार एकाहून अधिक वेळा. २००१ मध्ये दोघांनाही ‘लोककलावंत’ ही मोठी सरकारी पदवी. पुढे जाऊ या.

राजकारणाचं टाळून चालणार नाही. १९९४ पासून एनटीव्ही या खासगी वाहिनीवर ‘कुकली’ नावाचा बाहुल्यांचा कार्यक्रम लागायचा. येल्त्सिनपासून सगळ्यांच्या रबरी बाहुल्या आणि बोचरे संवाद. १९९५ मध्ये त्यावर सरकारी वकिलांनी फौजदारी प्रकरण दाखल केलं. २००० मध्ये त्यांनी पुतिनना एका जर्मन कथेतला बुटका करून दाखवलं. २००१ च्या एप्रिलमध्ये ती वाहिनी सरकारशी बांधलेल्या गॅझप्रॉम या वायू कंपनीच्या ताब्यात गेली, २००२ मध्ये बाहुल्या पेटीत. ‘गोरोदोक’ मात्र सरकारी वाहिनीवर येल्त्सिन, पुतिन, मेदवेदेव आणि पुन्हा पुतिन, अशा सगळ्या राजवटी पार करून सुखरूप चालला. कारण त्या गावाला महापौरच नव्हता. याला भित्रेपणा म्हणायचं का? मी दोन्ही बाजूंनी वाद घालून थकलो. सत्तेवरचा विनोद करणारे देशोधडीला लागले हे खरं, आणि त्यांच्या शेजारच्या वाहिनीवर चाळिशी ओलांडलेला माणूस गाऊन घालून बसला होता हेही खरं. सरकारी पदवी मुकाट घेतलेल्या माणसाला धाडसी म्हणणं मला जमणार नाही. पण वीस वर्षांनी आज बघायला बसलो की ‘कुकली’तल्या निम्म्या बाहुल्या कोण हे शोधावं लागतं. ‘गोरोदोक’मधला रांगेतला माणूस कोण, हे विचारावं लागत नाही. कुणाचं काम मोठं ते ठरवायला मी काही परीक्षक नाही. एवढं खरं की पहिल्या प्रकारचे कार्यक्रम बंद पडल्यावर दुसऱ्या प्रकाराचा हशाही जरा पोकळ वाजायला लागतो. २००५ नंतरचे भाग मला तसे वाटतात. तोपर्यंत ‘कॉमेडी क्लब’ आणि ‘नाशा राशा’वाली पिढीही आली होती, चड्डीपाशी अडकलेली. त्यांच्यापुढे हे दोघे एकदम काका वाटायला लागले.

ओलेयनिकोवला मात्र हसवण्यापलीकडचं काहीतरी करायचं होतं. त्याने स्वतः संगीत रचून ‘प्रोरोक’, म्हणजे प्रेषित, नावाचं मोठं संगीत नाटक उभं केलं, त्यात स्वतःचा पैसा ओतला, आणि ते बुडालं. संगीत नाटकाने पुरता धुऊन निघालेला नट, हे चित्र मराठी माणसाला नव्याने समजावून सांगायला नको. आपल्याकडे या वेडापायी घरंदारं विकलेल्यांची यादी गंधर्व काळापासून सुरू होते. हसवणाऱ्या माणसाला एकदा तरी रडवायची हौस येते, आणि तिची किंमत फार असते.

२०१२ च्या उन्हाळ्यात त्याला फुप्फुसाचा कर्करोग असल्याचं कळलं. ११ नोव्हेंबर २०१२ ला तो गेला, पासष्टाव्या वर्षी. आणि ‘गोरोदोक’ बंद झाला. नवा जोडीदार आणून तो चालवता आला असता, वाहिन्यांना असं करायला लाज वाटत नाही. तसं झालं नाही, हे बरं झालं.

काही वर्षांनी स्तोयानोव त्याच सरकारी वाहिनीवर ‘स्तोयानोव’ याच नावाशी खेळ करत ‘१०० यानोव’ असा कार्यक्रम घेऊन आला. रशियनमध्ये शंभराला ‘स्तो’ म्हणतात, तेव्हा शंभर यानोव. बघितला. विग तसेच, चेहरे तसेच, हुकमत उलट वाढलेली. पण तो एकटाच सगळं करतो तेव्हा त्याच्यावर कुणी चकित होणारं समोर नसतं. समोर चांगले नट असतात, नाही असं नाही. ते त्याला दाद देत राहतात. ओलेयनिकोव दाद द्यायचा नाही, तो फसायचा. शिवाय आता आरसाही नाही, त्यामुळे काही प्रसंग अर्धा मिनिट जास्त ताणलेले.

त्याचं खरं दुसरं आयुष्य सुरू झालं ते चित्रपट-मालिकांत, आणि त्याची चाहूल जोडीदार असतानाच लागली होती. निकिता मिखाल्कोव यांच्या २००७ च्या ‘१२’ मध्ये तो बारा ज्युरींपैकी एक आहे. परदेशात शिकून आलेला, टीव्ही कंपनी चालवणारा, समोरचा जे बोलेल ते पटणारा. बाकीचे अकराजण एकापेक्षा एक लांबलचक स्वगतं ठोकतात, अगदी नाकपुड्या फुगवून. हा मात्र गोंधळतो, घाम पुसतो, मत बदलतो. ऑस्करच्या नामांकनापर्यंत गेलेल्या त्या गाजलेल्या चित्रपटात मला अजून स्पष्ट आठवतो तो त्याचा गोंधळ.

आणि मग ‘मध्य रशियातले व्हॅम्पायर’ अशा अर्थाच्या नावाची, २०२१ ची मालिका. स्मोलेन्स्क शहरात माणसांत मिसळून राहणारं रक्तपिपासूंचं एक कुटुंब, आणि त्यांचा शेकडो वर्षं वयाचा म्होरक्या, आजोबा स्लावा. ही भूमिका मिखाइल एफ्रेमोव करत होता, चित्रीकरणही झालं होतं. जून २०२० मध्ये एफ्रेमोवने दारूच्या नशेत गाडी चालवून मॉस्कोत एका माणसाचा जीव घेतला आणि तो तुरुंगात गेला. निर्मात्यांनी त्याचे प्रसंग काढून टाकले, आणि ते पुन्हा चित्रित करायला स्तोयानोवला बोलावलं. बदली नट म्हणून! वयाच्या त्रेसष्टाव्या वर्षी, दुसऱ्याच्या मापाने शिवलेल्या भूमिकेत. देमिचच्या मोत्सार्टची वस्त्रं अंगावर चढवलेल्या माणसाला यात नवं काय असणार? पण या खेपेला ती भूमिका दोन मिनिटांची नव्हती, आणि आता तिच्यात दुसरं कुणी असू शकतं असं मालिका बघणाऱ्याला वाटतही नाही.

आजोबा स्लावा घरातल्यांवर डाफरतो, चहा पितो, कुणी खोटं बोलायला लागलं की ऐकत ऐकत मान दुसरीकडे वळवतो. कुणाला सुरुवात करायची असेल तर उलट्या क्रमाने बघा असं मी सांगेन. आधी ही मालिका, मग ‘१२’, आणि मग नव्वदच्या दशकातले ‘गोरोदोक’चे भाग. त्यांची चित्रफीत धुरकट आहे, आवाज मधेच बसतो, उपशीर्षकं यंत्राने केलेली आणि भयाण आहेत. ती बंद करून बघितलेलं उत्तम.